खर्डा हीच पक्की प्रत

या अंकासाठी संपादकांनी ‘खर्डा’ हा विषय दिला. साहित्यात खर्ड्याची कहाणी सरळ असते. लेखक खोडतो, पुन्हा लिहितो, पक्की प्रत छापखान्यात जाते आणि खर्डा उरलाच तर अभ्यासकांच्या कामी येतो. गाण्याच्या धंद्यात त्याला ‘डेमो’ म्हणतात आणि तिथे त्याची गत याहून वाईट. वादकांना चाल कळावी, निर्मात्याला अंदाज यावा, एवढ्यापुरता तो काढायचा आणि काम झालं की विसरायचा. १९८२ साली अमेरिकेत मात्र एका बड्या कंपनीने एका बड्या गायकाचा डेमो जसाच्या तसा अल्बम म्हणून बाजारात आणला. गायक-गीतकार ब्रूस स्प्रिंगस्टीन, कंपनी कोलंबिया, अल्बमचं नाव ‘नेब्रास्का’. दहा गाणी, चाळीसेक मिनिटं, आणि ज्या कॅसेटवरून तो निघाला ती कित्येक आठवडे डबीशिवाय गायकाच्या खिशात फिरत होती.

या अल्बमभोवती चाळीस वर्षांत एक दंतकथा तयार झाली आहे: एक माणूस, एक खोली, एक यंत्र. ती खोटी नाही, अर्धी आहे. खोलीतलं काम काही दिवसांत उरकलं होतं. उरलेले महिने गेले ते त्या कामाची ‘नीट’ आवृत्ती करण्यात. त्यासाठी न्यूयॉर्कचा अव्वल स्टुडिओ होता, अमेरिकेतला एक उत्तम वाद्यवृंद होता, अनुभवी तंत्रज्ञ होते, आणि ती आवृत्ती जमली नाही. खर्डा पुरेसा आहे हे तेव्हा कुठे कळलं. म्हणून माझं म्हणणं असं की ‘नेब्रास्का’ खोलीत ध्वनिमुद्रित झाला असेल, पण अल्बम म्हणून तो घडला तो त्याला सुधारण्याच्या फसलेल्या खटपटीत. हे न सांगता नुसती खोलीची गोष्ट सांगितली, तर ‘साधेपणात सौंदर्य’ छापाचा एक गुळगुळीत निष्कर्ष हाती येतो, आणि या अल्बमचे पुरावे त्या निष्कर्षाला पुरते पाठिंबा देत नाहीत.

खोली आणि यंत्र

‘द रिव्हर’ या जोड-अल्बमचा दौरा सप्टेंबर १९८१ मध्ये संपला. या अल्बमने स्प्रिंगस्टीनला प्रथमच अमेरिकी यादीत पहिल्या क्रमांकावर नेलं होतं आणि ‘हंग्री हार्ट’च्या रूपाने पहिल्या दहांत पोचलेलं पहिलं गाणंही दिलं होतं. पण तो तयार व्हायला वर्षाहून अधिक काळ लागला होता. स्प्रिंगस्टीनची पद्धतच खर्चिक. अर्धवट सुचलेलं गाणं घेऊन तो स्टुडिओत जायचा, वाद्यवृंदाला बसवून चाली बदलायचा, डझनावारी गाणी रेकॉर्ड करून त्यातली मूठभर ठेवायचा. स्टुडिओचं भाडं तासावर चढत राहायचं. पुढच्या वेळी निदान कुठली गाणी रेकॉर्ड करण्याच्या लायकीची आहेत हे घरीच ठरवून जावं, असा त्याचा बेत होता. ‘नेब्रास्का’च्या मुळाशी कलेचा जाहीरनामा नव्हता, काटकसर होती.

न्यू जर्सीतल्या कोल्ट्स नेक या गावी, जलाशयाकाठच्या भाड्याच्या घरात, निजायच्या खोलीत त्याच्या गिटारींची देखभाल करणाऱ्या माइक बॅटलनने एक यंत्र मांडलं. टीअॅक कंपनीचं ‘पोर्टास्टुडिओ १४४’. ते बाजारात येऊन दोन-तीन वर्षंच झाली होती. साधी कॅसेट दोन बाजूंनी वाजते, म्हणजे तिच्या फितीवर प्रत्येक बाजूचे दोन असे चार पट्टे असतात. हे यंत्र चारही पट्टे एकाच दिशेने वापरायचं, आणि आवाज जरा बरा उतरावा म्हणून फीत नेहमीच्या दुप्पट वेगाने पळवायचं. त्यामुळे चार वेगवेगळ्या गोष्टी चार वेळी रेकॉर्ड करून एकत्र ऐकता येत. व्यावसायिक स्टुडिओत तेव्हा चोवीस ट्रॅक सर्रास असत, तिथे चार म्हणजे चैन नव्हे. पण घरात बसून, एखाद्या हजार डॉलरच्या आसपासच्या यंत्रावर हे करता येणं ही नवी गोष्ट होती. सोबत शुअर कंपनीचे दोन एसएम ५७ मायक्रोफोन, कुठल्याही रंगमंचावर अॅम्प्लिफायरसमोर टांगलेले दिसतात तसलेच.

काम व्हायचं ते असं. पहिल्या दोन ट्रॅकवर गिटार आणि गळा, दोन्ही एकदमच. उरलेल्या दोनवर गरजेप्रमाणे माउथ ऑर्गन, दुसरा आवाज, मँडोलिन, ग्लॉकेनस्पील, खंजिरी. चार भरले की गाणं संपलं, पाचवी कल्पना सुचली तरी तिला जागा नाही. बहुतेक गाणी ३ जानेवारी १९८२ च्या सुमारास झाली. मग चारही ट्रॅक ‘एकोप्लेक्स’ नावाच्या प्रतिध्वनी देणाऱ्या पेटीतून काढून एका पॅनासॉनिक टेपरेकॉर्डरवर उतरवले. हा टेपरेकॉर्डर आधी पाण्यात पडून मेला होता आणि नंतर आपोआप जिवंत झाला होता.

ही शेवटची पायरी महत्त्वाची. एकोप्लेक्सचा घुमारा या टप्प्यावर आवाजात असा मिसळला की तो पुन्हा वेगळा काढता येईना. १९५० च्या दशकात मेम्फिसच्या सन स्टुडिओत एल्व्हिस प्रेस्लीच्या गळ्यामागे जो छोटासा पाठीराखा प्रतिध्वनी ऐकू येई, त्याच्याच जातीचा हा घुमारा आहे. अमेरिकी कानाला तो लगेच जुन्या रेडिओची, रात्रीच्या रस्त्याची आठवण देतो. गायक जवळ बसलेला आहे आणि तरी आवाज लांबून येतो आहे, हा जो विलक्षण परिणाम ‘नेब्रास्का’त आहे, तो या स्वस्त साखळीतून आला. ठरवून आला असं म्हणता येणार नाही, पण अगदी अपघातही नाही. एकोप्लेक्स लावायचा हे कानाने ठरवलेलं होतं.

आणखी एक गोष्ट कॅसेटवर उतरली, जी कुठल्याही यंत्रसूचीत नसते. गाणारा माणूस वादकांना चाल समजावण्यासाठी गात होता. श्रोता त्याच्या मनात नव्हता. शब्द गिळले जातात, लय किंचित ढळते, ‘स्टेट ट्रूपर’च्या शेवटी तो मधूनच किंचाळतो. या किंचाळीमागे ‘सुइसाइड’ या न्यूयॉर्कच्या जोडगोळीचं ‘फ्रँकी टिअरड्रॉप’ हे १९७७ चं भयंकर गाणं आहे आणि स्प्रिंगस्टीनने ते ऋण कधी लपवलेलं नाही.

कुणाची गाणी

शीर्षकगीताचा उगम एका चित्रपटात. १९५८ च्या जानेवारीत चार्ल्स स्टार्कवेदर हा एकोणीस वर्षांचा तरुण चौदा वर्षांच्या कॅरिल अॅन फ्युगेटसह नेब्रास्का आणि वायोमिंगमध्ये माणसं मारत फिरला. पुढच्या वर्षी त्याला विजेच्या खुर्चीत बसवलं गेलं. टेरेन्स मॅलिकच्या ‘बॅडलँड्स’ला (१९७३) हीच घटना आधार होती. चित्रपट पाहिल्यावर स्प्रिंगस्टीनने त्या प्रकरणावरचं ‘कॅरिल’ हे पुस्तक मिळवलं आणि त्याच्या लेखकांपैकी एक, ओमाहाच्या दूरचित्रवाणी केंद्रात काम करणाऱ्या निनेट बीव्हर यांना थेट फोन लावला. गाण्याच्या आधीच्या रूपाचं नाव ‘स्टार्कवेदर’ होतं. अखेरच्या रूपात खुनी स्वतःच बोलतो, शांतपणे आणि पश्चात्तापाचा सूर न लावता. खुन्याला ‘मी’ करणं हा गीतकाराचा सगळ्यात धाडसी निर्णय, आणि पुढे ध्वनिमुद्रणात जे काही जमलं-फसलं त्याचं बरंचसं उत्तर या ‘मी’मध्ये आहे.

बाकीची गाणीही बहुतेक प्रथमपुरुषी. ‘जॉनी ९९’ न्यू जर्सीतल्या माव्हा इथल्या मोटार कारखान्याच्या टाळेबंदीपासून सुरू होतं. फोर्डचा हा कारखाना १९८० मध्ये खरोखरच बंद पडला होता. ‘अटलांटिक सिटी’त जुगारगृहं आल्यावर बदललेलं किनाऱ्यावरचं शहर आहे आणि मार्च १९८१ मध्ये फिलाडेल्फियात माफिया म्होरक्या फिलिप टेस्टाचा बॉम्बने झालेला खून आहे. ‘हायवे पॅट्रोलमन’मध्ये पोलीस असलेला भाऊ गुन्हेगार भावाला सीमेपलीकडे जाऊ देतो. ‘यूज्ड कार्स’ आणि ‘मॅन्शन ऑन द हिल’ ही मुलाच्या नजरेतून बापाकडे, बापाच्या गरिबीकडे पाहणारी गाणी. फ्रीहोल्ड गावातलं लहानपण, अबोल आणि मनाने आजारी वडील, हे सगळं स्प्रिंगस्टीनने २०१६ च्या आत्मचरित्रात लिहिलं आहे. याच काळात त्याला स्वतःलाही नैराश्याने गाठलं होतं, आणि अल्बमनंतर त्याने उपचार सुरू केले, हेही त्यात आहे.

१९८२ ची अमेरिका या गाण्यांतल्यासारख्या माणसांनी भरलेली होती. महागाई आटोक्यात आणण्यासाठी व्याजदर चढवले गेले होते, कारखाने बंद पडत होते आणि सप्टेंबर १९८२ मध्ये, अल्बम आला त्याच महिन्यात, बेकारी दहा टक्क्यांच्या वर गेली. दुसऱ्या महायुद्धानंतर असं प्रथमच घडत होतं. पण गाणी याविषयी काहीही प्रतिपादन करत नाहीत. कर्ज, दिवाळखोरी, न्यायाधीश, बंदूक अशा गोष्टी त्यांत येतात, घोषणा येत नाही.

पक्की प्रत करण्याचा घाट

कॅसेट हस्तलिखित पत्रासह मॅनेजर-निर्माता जॉन लँडाऊकडे गेली आणि १९८२ च्या वसंतात सगळे मॅनहॅटनच्या ‘पॉवर स्टेशन’ स्टुडिओत जमले. ई स्ट्रीट बँडने कॅसेट ऐकून गाणी बसवली. हा वाद्यवृंद कुठल्याही कसोटीवर उतरेल असा. मॅक्स वाइनबर्गचे ड्रम, गॅरी टॅलंटचा बास, रॉय बिटनची पियानो-सिंथेसायझरची बोटं, डॅनी फेडेरिचीचा ऑर्गन, स्टीव्ह व्हॅन झँटची गिटार. ध्वनिमुद्रणाला टोबी स्कॉट. गाणी वाजत होती, चांगली वाजत होती, आणि तरी काहीतरी निसटत होतं.

नेमकं काय निसटत होतं? ‘आत्मा हरवला’ असं म्हणून मोकळं होणं सोपं आहे, पण कारण इतकं धूसर नसावं. या गाण्यांतला ‘मी’ श्रोत्याला आपल्याविषयी काय वाटावं हे सांगत नाही. ते ठरवायचं काम तो श्रोत्यावर टाकतो आणि त्यामुळेच अंगावर येतो. ड्रमचा ठेका आला की तो ठरवूनच टाकतो. गुन्ह्याकडे निघालेला कफल्लक माणूस ठेक्यावर चालू लागला की नायक होतो, त्याच्या पावलांत जोर येतो, आणि आपणही नकळत त्याच्या बाजूने मान डोलावू लागतो. कॅसेटवर तो हताश आहे की निर्ढावलेला, हे शेवटपर्यंत कळत नाही. वाद्यवृंद वाईट वाजवत नव्हता. तो अर्थ लावत होता आणि गाण्यांना अर्थ लावलेला चालत नव्हता.

मग एकट्यानेच, पण चांगल्या स्टुडिओत, चांगल्या मायक्रोफोनवर गाऊन पाहिलं. तेही जमेना. दंतकथेला सगळ्यात मोठा तडा इथे जातो. ‘एकटा माणूस आणि गिटार’ एवढंच रहस्य असतं तर ते पॉवर स्टेशनमध्येही साधलं असतं. तिथला स्वच्छ आवाज गायकाला श्रोत्याच्या पुढ्यात आणून बसवतो, आणि पुढ्यात बसलेला माणूस कबुली देऊ लागला की ते नाटक वाटायला लागतं. कॅसेटवरचं अंतर, तो घुमारा, ती फितीची सळसळ या गाण्यांच्या कथनाचाच भाग झाली होती.

पण याच काळात, याच वादकांकडून, याच कॅसेटवरचं एक गाणं काही मोजक्या टेकमध्ये असं काही जमून आलं की सगळे चकित झाले. ते होतं ‘बॉर्न इन द यू.एस.ए.’. व्हिएतनामहून परतलेल्या सैनिकाचं हे गाणं डेमोत पुटपुटल्यासारखं, एकसुरी आहे. बिटनच्या सिंथेसायझरची ललकारी आणि वाइनबर्गचे तोफेसारखे ड्रम आल्यावर ते जगभर गाजलेलं गाणं झालं. म्हणजे कच्चं ते श्रेष्ठ असा काही नियम यातून निघत नाही. एकच माणूस, एकच कॅसेट, तेच आठवडे. एका गाण्याला खर्डा तोकडा पडला आणि दहांना पक्की प्रत मानवली नाही. कुठल्या गाण्याचं काय होणार हे आधी सांगणं कोणालाच शक्य नव्हतं. करूनच पाहावं लागलं.

व्हॅन झँटने पुढे सांगितलं आहे की कॅसेट ऐकताच हाच अल्बम आहे असं त्याने मित्राला बजावलं होतं. त्याचा कान तयार होता यात शंका नाही. पण त्याचं तेव्हा ऐकून कॅसेट लगेच काढली असती, तर स्प्रिंगस्टीनला आयुष्यभर वाटत राहिलं असतं की वाद्यवृंदासह ती अधिक चांगली झाली असती. ती शंका स्टुडिओतल्या आठवड्यांनी मिटवली.

सुई टिकेना

निर्णय झाला आणि खरी अडचण उभी राहिली. कॅसेटवरून तबकडी बनवायची कशी? ग्रामोफोनच्या तबकडीची जननी म्हणजे लाखेची एक चकती. तिच्यावर कोरणारी सुई आवाजाच्या लाटांप्रमाणे डावी-उजवी, वर-खाली हलत खोबण कापते. खालच्या पट्टीचे सूर दोन्ही बाजूंना नीट जुळलेले नसले, आवाजात अचानक उसळ्या असल्या, की खोबण इतकी वेडीवाकडी होते की वाजवणारी सुई तीतून उडते. घरगुती कॅसेटवर नेमका असलाच माल होता. स्कॉट आणि सहनिर्माता चक प्लॉटकिन यांनी वेगवेगळ्या ठिकाणी प्रयत्न केले, पण तबकडी काही धड निघेना. अल्बम निव्वळ कॅसेट म्हणूनच काढावा इथवर विचार गेला होता. अखेर न्यूयॉर्कच्या अटलांटिक स्टुडिओत डेनिस किंगने आवाजाची पातळी बरीच खाली ठेवून, बारीकसारीक उपाय करून ती कापली. जुन्या तबकडीवर हा अल्बम बेताच्या आवाजात वाजतो, ऐकणाऱ्याला बटण फिरवावं लागतं. पुढे होऊन ऐकायला लावणारी ही शांतता काही अंशी यंत्रशास्त्राची तडजोड होती, हे ‘गूढ वातावरणा’वर पानंच्या पानं लिहिणाऱ्यांनी लक्षात ठेवायला हरकत नाही.

आवरणावर गायकाचा चेहरा नाही. डेव्हिड केनेडीने १९७५ मध्ये काढलेलं, गाडीच्या पुढच्या काचेतून दिसणाऱ्या ओसाड रस्त्याचं काळंपांढरं छायाचित्र आणि लाल अक्षरं, एवढंच.

बाजार आणि कान

प्रकाशनानंतर दौरा झाला नाही. अमेरिकेत एकही गाणं सिंगल म्हणून निघालं नाही. ‘अटलांटिक सिटी’चा व्हिडिओ केला गेला, तो एमटीव्हीवर दिसला, पण त्यात स्प्रिंगस्टीन कुठेच नाही. तरीही अल्बम तिसऱ्या क्रमांकापर्यंत चढला. त्या आठवड्यांत यादीच्या टोकावर जॉन कूगरचा ‘अमेरिकन फूल’ ठाण मांडून होता. नोव्हेंबरात मायकल जॅक्सनचा ‘थ्रिलर’ यायचा होता. ‘व्हिलेज व्हॉइस’ साप्ताहिकाच्या वार्षिक समीक्षक-मतदानात ‘नेब्रास्का’ तिसरा आला, एल्व्हिस कॉस्टेलो आणि रिचर्ड व लिंडा थॉम्पसन यांच्या मागोमाग आणि प्रिन्सच्या ‘१९९९’च्या पुढे. रॉबर्ट ख्रिसगाऊसारख्या हात आखडून गुण देणाऱ्या समीक्षकानेही ‘ए वजा’ दिला.

यावर आक्षेप सरळ आहे. समीक्षकांना अंधार आवडतो. लोकप्रिय माणसाने एकदा खिन्न, अनाकर्षक काम केलं की त्याला ‘गंभीर’ म्हणण्याची त्यांना घाई होते. आक्षेपात तथ्य आहे, आणि तेव्हाच्या काही चाहत्यांना हा अल्बम एकसुरी वाटला होता, हे मत आजही चुकीचं म्हणता येणार नाही. सलग दहा गाणी ऐकताना तिसऱ्या-चौथ्यानंतर चाली एकमेकींत मिसळू लागतात. पण समीक्षकांची मतं बाजूला ठेवून गाणाऱ्यांनी काय केलं ते पाहावं. जॉनी कॅशने १९८३ मध्ये यातली दोन गाणी गायली आणि अल्बमला ‘जॉनी ९९’ हेच नाव दिलं. एमिलू हॅरिसने ‘माय फादर्स हाउस’ घेतलं. शॉन पेनने ‘हायवे पॅट्रोलमन’वरून १९९१ मध्ये ‘द इंडियन रनर’ हा आपला पहिला चित्रपट दिग्दर्शित केला. २००० मध्ये सब पॉप कंपनीने या अल्बमला वाहिलेला एक संग्रहच काढला.

इथे माझ्याच म्हणण्यावर एक अडचणीचा प्रश्न येतो. कॅशच्या सजलेल्या, वाद्यांनी भरलेल्या आवृत्तीत ही गाणी उभी राहत असतील, तर कॅसेटचा घुमारा अपरिहार्य होता असं कसं म्हणायचं? उत्तर असं की कॅश ऐकलेली गोष्ट पुन्हा सांगत होता. ‘जॉनी ९९’ कोण, त्याचं काय झालं, हे श्रोत्यांपर्यंत पोचलेलं होतं. तो गोष्टीला आपला गळा देत होता, तिच्यावर भाष्य करत होता, आणि भाष्याला वाद्यवृंद चालतो. पहिल्यांदा सांगणाऱ्याची जबाबदारी वेगळी. गाणी कणखर आहेत आणि ध्वनिमुद्रण नेमकं आहे, ही दोन वेगळी विधानं आहेत. एक खरं असलं म्हणून दुसरं खोटं ठरत नाही.

घरात ध्वनिमुद्रण करणंही काही स्प्रिंगस्टीनने सुरू केलेलं नव्हतं. पॉल मॅकार्टनीचा पहिला एकल अल्बम १९७० मध्ये मोठ्या प्रमाणात घरीच झाला होता. प्रिन्स ‘१९९९’ घरच्या स्टुडिओत घडवत होता. दोघांकडे व्यावसायिक यंत्रं होती आणि दोघांना आपण अल्बम करतो आहोत हे ठाऊक होतं. ‘नेब्रास्का’त नवं होतं ते हे की खर्डा म्हणून केलेली गोष्ट खर्डाच राहून बाहेर आली. नंतरच्या पिढीने, उदाहरणार्थ १९९४ मध्ये चार ट्रॅकवर ‘रोमन कँडल’ करणाऱ्या एलियट स्मिथने, यातून परवानगी घेतली. यंत्र तर दुकानात मिळतच होतं.

हे परवडतं कोणाला

सगळ्यात टोकदार आक्षेप मात्र पैशाचा. पहिल्या क्रमांकाचा अल्बम खिशात असलेल्या माणसाने खिशातली कॅसेट कंपनीच्या टेबलावर ठेवली आणि कंपनीने ती घेतली. हीच कॅसेट एखाद्या अनोळखी मुलाने नेली असती तर? बहुधा ‘डेमो बरा आहे, आता रेकॉर्ड करून आण’ एवढंच ऐकून तो परत आला असता. निक ड्रेकचा ‘पिंक मून’ दहा वर्षं आधी, असाच एकट्या गळ्या-गिटारचा, आला आणि गायकाच्या हयातीत जेमतेम विकला गेला. फरक गुणवत्तेचा नव्हता.

आक्षेप मान्य करायलाच हवा. दारिद्र्याची गाणी करणारा माणूस तेव्हा दरिद्री नव्हता. आणि त्याच्या या निवडीची किंमत इतरांनीही मोजली: दौरा नाही म्हणजे वाद्यवृंदाला आणि त्यामागच्या तंत्रज्ञ-कामगारांना तेवढं काम कमी. पण यातून कामाची किंमत घटते असं मला वाटत नाही. ऐपत असलेले बहुतेक कलावंत ती ऐपत अधिक वाद्यं, अधिक ट्रॅक, अधिक महिने विकत घेण्यासाठी वापरतात. त्या काळात तर ती मोजायची पद्धतच तशी होती. इथे ती एक गोष्ट न करण्यासाठी खर्च झाली. शिवाय ऐपत नसती तर पॉवर स्टेशनही नसतं, आणि तो नसता तर तुलनाही झाली नसती. गरीब गायकाकडे खर्डा असतो तो नाइलाज म्हणून. त्याची पक्की प्रत कशी झाली असती हे कोणाला कधी कळत नाही. हा अन्यायच आहे आणि ‘नेब्रास्का’च्या कौतुकात त्याचा उल्लेख क्वचितच होतो.

एकाच कॅसेटची दोन अपत्यं

१ ऑक्टोबर १९८२ रोजी, ‘नेब्रास्का’ दुकानांत येऊन फार दिवस झाले नव्हते तेव्हा, जपानमध्ये सोनीने पहिला सीडी प्लेअर विकायला काढला. त्याच्यासोबत आलेल्या सीडींत कोलंबियाच्याच बिली जोएलचा अल्बम होता. सळसळ नाही, खरखर नाही, शांतता म्हणजे निखळ शांतता, ही त्या तंत्राची जाहिरात होती. उद्योग एका दिशेने धावत होता आणि त्याच उद्योगाने नुकताच फितीच्या सळसळीचा अल्बम छापला होता. गंमत पुढेच आहे. १९८४ मध्ये इंडियानातल्या टेर होट इथे अमेरिकेत सीडीचं उत्पादन सुरू झालं आणि तिथून निघालेली पहिली सीडी होती ‘बॉर्न इन द यू.एस.ए.’. कोल्ट्स नेकच्या कॅसेटवर ज्या गाण्याचा खर्डा होता, तेच तिचं शीर्षकगीत.

त्या अल्बमची सात गाणी पहिल्या दहांत गेली आणि स्प्रिंगस्टीन झेंड्याइतका सर्वत्र दिसू लागला. सप्टेंबर १९८४ मध्ये राष्ट्राध्यक्ष रेगन यांनी न्यू जर्सीतल्या हॅमंटन इथल्या प्रचारसभेत त्याच्या गाण्यांतल्या आशेचा गौरव केला. दोन दिवसांनी पिट्सबर्गच्या मंचावर स्प्रिंगस्टीनने, राष्ट्राध्यक्षांचा आवडता अल्बम कुठला असेल बरं, असा प्रश्न केला, तो ‘नेब्रास्का’ नसावा अशी शंका बोलून दाखवली आणि ‘जॉनी ९९’ गायला सुरुवात केली. मोठ्या आवाजात सांगितलेल्या सैनिकाच्या कहाणीतली वेदना ऐकू न येता नुसती ललकारी ऐकू जाऊ शकते, हे तोवर सिद्ध झालं होतं. पक्की प्रत यशस्वी झाली होती आणि यशाचा एक भाग हा गैरसमज होता. दुसऱ्या अपत्याबाबत असा गैरसमज कोणी केल्याचं दिसत नाही. करायला जागाच नव्हती.

पुरावा बाहेर आला

पॉवर स्टेशनमधल्या त्या फसलेल्या ध्वनिमुद्रणांना चाहते ‘इलेक्ट्रिक नेब्रास्का’ म्हणत आणि ती आहेत की नाहीत यावर वर्षानुवर्षं वाद होता. ऑक्टोबर २०२५ मध्ये ती विस्तारित संचात अधिकृतपणे प्रसिद्ध झाली. त्याच महिन्यात वॉरन झेन्स यांच्या याच अल्बमवरच्या पुस्तकावर आधारलेला, स्कॉट कूपर दिग्दर्शित आणि जेरेमी अॅलन व्हाइटने स्प्रिंगस्टीनची भूमिका केलेला चित्रपटही आला. चित्रपटांना खोल्या आवडतात आणि एकटी माणसंही. त्यामुळे दंतकथा आणखी काही दशकं तग धरेल.

संच मात्र कानाने तपासता येतो. वाद्यवृंदासह ‘अटलांटिक सिटी’ ऐकताना ते उत्तम वाजवलेलं आहे याबद्दल दुमत होण्याचं कारण नाही. १९८२ मध्ये ते सिंगल म्हणून आलं असतं तर रेडिओने उचललं असतं. ‘ओपन ऑल नाइट’ वाद्यवृंदाला साजून दिसतं, कॅसेटपेक्षा तिथे ते अधिक खुलतं, असंही कोणी म्हणालं तर मी भांडणार नाही. शीर्षकगीताला मात्र वाद्यांचा आधार मिळताच ते एका खुन्याविषयीचं गाणं होतं. कॅसेटवर ते खुन्याचं गाणं होतं. नाकारलेली आवृत्ती वाईट असती तर निर्णय सोपा होता आणि त्यात सांगण्यासारखं फार काही उरलं नसतं. ती चांगली आहे. निदान निम्मी गाणी विकण्याजोगी होती, ती वाजवणारी माणसं खोलीत उभी होती, आणि तरीही स्कॉटला विचारलं गेलं की या कॅसेटवरूनच तबकडी काढता येईल का.